पोटातली नळी : होकार देण्याआधी आणि घरी आणल्यावर

प्रश्न : आईला (वय ६७) पाच आठवड्यांपूर्वी पॅरालिसिसचा झटका आला. उजवी बाजू लुळी आहे, बोलणं अस्पष्ट आहे, पण माणसं ओळखते, खुणा करते. गिळता येत नाही म्हणून नाकातून राइल्स ट्यूब आहे. ती तिने तीनदा उपसली आणि दरवेळी आमची रुग्णालयात धावपळ झाली. डॉक्टर आता पोटात नळी, म्हणजे ‘पेग’, करून घ्या म्हणतात. बाबा तयार नाहीत. ‘पोटाला भोक पाडायचं म्हणजे आशा सोडली,’ असं त्यांना वाटतं. आईला मधुमेह आहे, इन्सुलिन चालू आहे. रक्त पातळ ठेवण्याच्या दोन गोळ्या आणि फिटची गोळीही आहे. वजन ६१ किलोवरून ५२ वर आलं. दिवसा ब्युरोची मावशी असते, रात्री मी आणि बाबा. हे ऑपरेशन केवढं असतं? घरचं अन्न घालता येईल का? नळी निघाली तर काय करायचं? आई पुन्हा तोंडाने जेवेल का?
– एक वाचक, ऐरोली

उत्तर : बाबांच्या शंकेपासून सुरुवात करू. ती मिटली नाही तर बाकीचं सगळं सांगून उपयोग नाही.

झटक्यानंतर गेलेलं गिळणं पुष्कळ जणांत काही आठवड्यांत परत येतं, काहींना काही महिने लागतात. या काळात अन्न कमी पडलं तर स्नायू झडतात, आणि गिळणं हेही स्नायूंचंच काम आहे. आईचं पाच आठवड्यांत नऊ किलो वजन गेलं, ही आत्ताची खरी काळजीची गोष्ट आहे. नाकातली नळी घशातून जाते. ती टोचते, तिच्यामुळे गिळण्याचा सराव अवघड होतो, आणि उपसली की मधले कित्येक तास आई उपाशी राहते. पेगमुळे घसा मोकळा होतो आणि सराव चालू ठेवता येतो. गिळणं परतलं की पेग काढून टाकता येते. बाबांना हे शेवटचं वाक्य डॉक्टरांच्या तोंडून ऐकू द्या. घरच्यांनी सांगण्यापेक्षा त्याचा उपयोग जास्त होतो.

वेळही बरोबर आहे. झटक्यानंतर अगदी लगेच पेग करण्याची घाई चांगली नसते. २००५ साली ‘लॅन्सेट’मध्ये आलेल्या ‘फूड’ नावाच्या मोठ्या अभ्यासात, सुरुवातीलाच पेग केलेल्या रुग्णांची स्थिती नाकातल्या नळीवर ठेवलेल्यांपेक्षा चांगली दिसली नाही, उलट काहीशी वाईट दिसली. म्हणून पहिले दोन-तीन आठवडे नाकातल्या नळीवर काढतात आणि चार आठवड्यांहून जास्त काळ नळी लागणार असं दिसलं की पेगचा विचार करतात. तुम्ही त्या टप्प्यावर आला आहात. स्मृतिभ्रंशाच्या शेवटच्या टप्प्यातल्या माणसाबद्दल हाच प्रश्न आला असता तर आमचं उत्तर वेगळं असतं. तिथे पेगने आयुष्य वाढत नाही आणि हाताने, सावकाश, जमेल तेवढं भरवणंच बरं. आईची गोष्ट तशी नाही.

एक गैरसमज मात्र आधीच दूर करायला हवा. पेग केली म्हणजे अन्न फुप्फुसात जाण्याचा धोका संपला, असं नाही. तोंडातली लाळ घशात उतरतच राहते आणि पोटातलं अन्न वर येऊ शकतं. त्यामुळे बसण्याची पद्धत आणि तोंडाची स्वच्छता पेगनंतरही तितकीच महत्त्वाची राहते. तोंडाने काही जात नाही म्हणून दात घासणं बंद करणारी घरं बरीच आहेत. तोंडातले जंतू लाळेबरोबर फुप्फुसात जातात आणि न्यूमोनिया होतो. दिवसातून दोनदा मऊ ब्रश, आणि तोंड कोरडं पडत असेल तर मध्येमध्ये ओल्या गॉजने पुसणं, हे मावशींच्या कामाच्या यादीत पहिलं लिहा.

आता ऑपरेशनबद्दल. पोट उघडत नाहीत. १९७९ साली अमेरिकेतल्या क्लीव्हलँड शहरात मायकेल गॉडरर आणि जेफ्री पॉन्स्की या डॉक्टरांनी दुर्बिणीच्या मदतीने ही नळी पहिल्यांदा एका तान्ह्या बाळाला बसवली. तीच पद्धत थोड्याफार फरकाने आजही वापरतात. आदल्या रात्रीपासून उपाशी ठेवतात. शिरेतून अँटिबायोटिकचा एक डोस आणि हलकी गुंगी देतात. तोंडातून दुर्बीण जठरात नेऊन आतून हवा भरतात, म्हणजे जठर फुगून पोटाच्या भिंतीला टेकतं. दुर्बिणीचा उजेड पोटाच्या कातडीवर बाहेरून दिसतो. तिथे बोटाने दाबून जागा पक्की करतात, ती बधिर करतात आणि साधारण एक सेंटीमीटरचा छेद घेतात. त्यातून आत सोडलेला दोरा दुर्बिणीने पकडून तोंडातून बाहेर काढतात, त्याला नळी बांधतात आणि पोटाकडून ओढून घेतात. नळी तोंड, अन्ननलिका, जठर असा प्रवास करून पोटातून बाहेर येते आणि तिची आतली चकती जठराच्या भिंतीला टेकून थांबते. एकूण वीस ते तीस मिनिटं लागतात. बहुतेकांना एक-दोन दिवसांत घरी सोडतात.

तुमच्या बाबतीत आधी ठरवायची गोष्ट म्हणजे रक्त पातळ ठेवणाऱ्या गोळ्या. आईच्या दोन गोळ्या क्लोपिडोग्रेल आणि ॲस्पिरिन असतील तर क्लोपिडोग्रेल बहुधा पाच ते सात दिवस आधी थांबवतात आणि ॲस्पिरिन चालू ठेवतात. पण क्लोपिडोग्रेल थांबवली तर दुसऱ्या झटक्याचा धोका असतो आणि चालू ठेवली तर रक्तस्रावाचा. म्हणून मेंदूचे डॉक्टर आणि पोटाचे डॉक्टर यांनी मिळून हा निर्णय घ्यायचा. परस्पर गोळी बंद करू नका, आणि कुणी फोनवर तोंडी ‘बंद करा’ म्हटलं तर कागदावर तारखेसकट लिहून मागा. रक्त गोठण्याची तपासणी आणि प्लेटलेट आधी बघतातच. आईच्या पोटावर पूर्वी मोठं ऑपरेशन झालं असेल, जठराचा भाग काढलेला असेल किंवा पोटात पाणी साठलेलं असेल तर ते न विचारताही सांगा. अशा वेळी रेडिओलॉजी विभागात सोनोग्राफी-एक्सरेच्या मदतीने किंवा सर्जनकडून नळी बसवण्याचा मार्ग असतो.

नळीचे भाग ओळखून ठेवा, कारण पुढची सगळी काळजी त्यांचीच आहे. आत चकती असते, काही नळ्यांत तिच्या जागी पाण्याने फुगवलेला फुगा असतो. बाहेर कातडीलगत सरकवता येणारी चकती असते. नळीवर सेंटीमीटरच्या खुणा असतात, नळी बंद करायचा एक चिमटा, म्हणजे क्लॅम्प, असतो आणि टोकाला झाकणाचं तोंड असतं. काहींना औषधासाठी दुसरं छोटं तोंडही असतं. नळीची जाडी ‘फ्रेंच’मध्ये मोजतात. तीन फ्रेंच म्हणजे एक मिलिमीटर, म्हणजे २० फ्रेंचची नळी पावणेसात मिलिमीटरच्या आसपास. घरी निघण्याआधी बसवल्याची तारीख, कंपनी, फ्रेंच, आत चकती आहे की फुगा, आणि कातडीशी कितवी खूण आहे, एवढं लिहून घ्या आणि नळीचा फोटो काढून घरातल्या सगळ्यांच्या मोबाइलवर ठेवा. रात्री दोन वाजता अनोळखी डॉक्टरांसमोर उभं राहायची वेळ आली तर हीच माहिती कामी येते.

पहिले दोन-तीन दिवस छेदाच्या जागी दुखतं, साध्या वेदनाशामकाने भागतं. आठवडा-दहा दिवस थोडा पाणीदार किंवा किंचित रक्ताळलेला स्राव येतो, भोवती तीन-चार मिलिमीटरची लालसर कडा दिसते. हे चालतं. चालत नाही ते हे : पहिल्या तीन दिवसांत फीड, म्हणजे नळीतून द्यायचं पातळ अन्न, घालताना पोटात दुखणं, थांबत नाही अशी किंवा वाढत जाणारी वेदना, ताजं रक्त, किंवा नळीच्या बाजूने जठरातलं पाणी बाहेर येणं. यातलं काहीही झालं तर फीड त्याच क्षणी बंद करायचं आणि रुग्णालय गाठायचं. अन्न जठराऐवजी पोटाच्या पोकळीत जात असण्याची शक्यता असते आणि तिथे तासांचा फरक पडतो. ‘सकाळी बघू’ म्हणायचं नाही.

फीड कधी सुरू करायचं हे रुग्णालय ठरवतं. चार तासांनंतर सुरू करता येतं, काही ठिकाणी दुसऱ्या दिवसापर्यंत थांबतात. सुरुवात ५० ते १०० मिलीने होते. तुम्हाला हे फार हळू वाटेल, पण घाई करू नका. बरेच दिवस कमी अन्नावर राहिलेल्या शरीरात एकदम भरपूर अन्न गेलं की रक्तातलं फॉस्फरस, पोटॅशियम आणि मॅग्नेशियम झपाट्याने उतरतं आणि हृदयाचे ठोके बिघडू शकतात. नऊ किलो वजन गेलेल्या आईसाठी हा धोका पुस्तकी नाही. पहिल्या आठवड्यात या तिन्हींची रक्ततपासणी आणि बी-वन जीवनसत्त्व याबद्दल डॉक्टरांना स्पष्ट विचारा.

पूर्ण फीड सुरू झाल्यावरचा हिशेब असा. दर किलो वजनामागे २५ ते ३० कॅलरी धरल्या तर ५२ किलोला १३०० ते १५६० कॅलरी लागतात. प्रथिनं किलोमागे एक ते सव्वा ग्रॅम, म्हणजे दिवसाला ५२ ते ६५ ग्रॅम. पाणी किलोमागे ३० मिली, म्हणजे दीड लिटरच्या थोडं वर. रोज २५० मिलीची सहा फीड दिली आणि प्रत्येक मिलीत एक कॅलरी असली तर १५०० कॅलरी होतात. अशा फीडचा साधारण ८० ते ८५ टक्के भाग पाणीच असतं, म्हणजे तिथून सव्वा लिटर. प्रत्येक फीडच्या आधी ३० आणि नंतर ३० मिली पाणी सोडलं की आणखी ३६० मिली. गणित जुळतं. एप्रिल-मेच्या घामात किंवा ताप असताना पाणी वाढवावं लागतं. लघवी गडद झाली, जीभ कोरडी दिसली की समजा. किडनी किंवा हृदयाचा त्रास असेल तर मात्र पाण्याचं माप डॉक्टरच देतील.

घरच्या अन्नाबद्दल सरळ सांगतो. घालता येतं, पण ‘पातळ’ आणि ‘पौष्टिक’ यांची इथे ओढाताण असते. नळीतून जाईल इतकी पातळ पेज केली तर २५० मिलीत शंभर कॅलरीही भरत नाहीत. मूगडाळ शिजवून वरचं पाणी तेवढं घेतलं तर प्रथिनं पातेल्यातच राहतात. वजन असंच उतरतं : घरचे दिवसभर राबत असतात, सहा वेळा फीड जात असतं आणि पोटात जातं ते मुख्यतः पाणी. आईच्या बाबतीत आत्तापर्यंत काय होतं ते जरा तपासून बघा. घरच्या फीडचा एक अंदाज देतो : दीडशे मिली दूध, १५ ग्रॅम नाचणीचं पीठ, १० ग्रॅम मूगडाळ, एक चमचा तेल, सगळं नीट शिजवून, मिक्सरला फिरवून, बारीक गाळणीतून गाळून आणि पाण्याने २५० मिलीपर्यंत आणलेलं. यात सव्वादोनशेच्या आसपास कॅलरी आणि आठ-नऊ ग्रॅम प्रथिनं बसतात. नाचणी मोड आणून वाळवून दळलेली घ्या, तिची पेज पातळ राहते. विकतचं किंवा गाळून काढलेलं नाचणी सत्त्व नका घेऊ, ते शिजल्यावर घट्ट होतं आणि थंड झालं की आणखी घट्ट. पहिले काही आठवडे पावडरचं तयार फीडच ठेवा, मग आहारतज्ज्ञांकडून आईच्या साखरेप्रमाणे कोष्टक बनवून घेऊन अर्धं पावडरचं, अर्धं घरचं असं करता येईल. नुसतं घरच्यावर जायचा हट्ट आम्ही तरी धरणार नाही.

घरचं फीड बाहेर दोन तासांपेक्षा जास्त ठेवायचं नाही, फ्रिजमध्ये चोवीस तास. पावडर कालवून ठेवलेलं फीड बाहेर जास्तीत जास्त चार तास. फ्रिजमधलं अर्धा तास आधी काढून ठेवा. गार फीडने पोटात मुरड येते. फीडसाठी आणि फ्लशसाठी, म्हणजे नळी धुऊन काढण्यासाठी, उकळून गार केलेलं पाणीच वापरा. घोडबंदरपासून खारघरपर्यंत टँकरवर चालणाऱ्या सोसायट्या काही कमी नाहीत, आणि तुमच्या नळाला आज कुठलं पाणी आलंय ते मावशींना माहीत नसतं.

प्रत्यक्ष घालायची पद्धत. हात साबणाने धुवायचे. आईला पाठीपासून उचलून ३० ते ४५ अंशांत बसवायचं. नुसत्या मानेखाली उशी दिली तर पोट दुमडतं आणि अन्न वर ढकललं जातं. भाड्याचा फाउलर बेड, म्हणजे पाठीकडची बाजू वर उचलता येणारी खाट, घेतला तर हा प्रश्न सुटतो. कातडीजवळची खूण रोजचीच आहे ना ते बघायचं. ५० किंवा ६० मिलीची, मोठ्या तोंडाची सिरिंज दट्ट्या काढून नळीला लावायची, ३० मिली पाणी सोडायचं, मग फीड ओतत राहायचं. सिरिंज आपोआप रिकामी व्हायला हवी. उंच धरली की वेग वाढतो, खाली आणली की कमी होतो. २५० मिलीला वीस ते तीस मिनिटं द्या. पाहुणे आलेत, मावशींची निघायची वेळ झाली म्हणून दट्ट्याने ढकललेलं फीड म्हणजे उलटीला आमंत्रण. सिरिंज पूर्ण रिकामी होण्याआधी पुढचं ओता, म्हणजे हवा आत जात नाही. शेवटी ३० मिली पाणी, क्लॅम्प, झाकण. त्यानंतर तासभर आईला आडवं करायचं नाही. कूस बदलणं, डायपर, व्यायाम, सगळं फीडच्या आधी उरकायचं. छातीत घरघर वाढली, खोकला आला किंवा ओठ निळसर दिसले तर मध्येच थांबवायचं. दर फीडआधी सिरिंजने जठरातलं ओढून बघायची पद्धत काही ठिकाणी शिकवतात. घरी, उलट्या किंवा पोटफुगी नसताना, तिची गरज नसते आणि जठरातलं आम्ल दुधात मिसळून नळीतच गोठतं. डॉक्टरांनी मुद्दाम सांगितलं असेल तरच करा.

मधुमेहामुळे एक जास्तीची काळजी. इन्सुलिनचं माप फीडशी जोडलेलं असतं. उलटी झाली, नळी चोंदली, रुग्णालयात जायचं म्हणून फीड चुकलं आणि इन्सुलिन मात्र नेहमीप्रमाणे दिलं गेलं तर साखर धोक्याच्या पातळीपर्यंत उतरते. बोलता न येणाऱ्या माणसात ते लवकर कळतही नाही. ‘फीड नाही गेलं तर इन्सुलिन किती’ हा प्रश्न डिस्चार्जच्या आधी विचारून उत्तर ग्लुकोमीटरच्या डबीवर चिकटवून ठेवा.

नळी चोंदते ती बहुतेक वेळा गोळ्यांनी. म्हणून प्रत्येक गोळी वेगळी कुटायची, अगदी बारीक, १०-१५ मिली पाण्यात विरघळवायची, एकटी सोडायची आणि मागून तितकंच पाणी. चार गोळ्या एकत्र खलून फीडमध्ये मिसळणं हा सगळ्यात वाईट मार्ग : औषधं एकमेकांना चिकटतात आणि फीड अर्धं राहिलं तर डोसही अर्धाच जातो. ज्या गोळीच्या नावापुढे एसआर, ईआर, एक्सआर, सीआर असं असतं ती हळूहळू सुटण्यासाठी बनवलेली असते. ती कुटली तर दिवसभराचं औषध एकदम रक्तात उतरतं. मेटफॉर्मिन एसआर हे त्यातलं नेहमीचं उदाहरण. पँटोप्राझोलसारख्या वरून लेप असलेल्या गोळ्याही कुटायच्या नाहीत. फिटची गोळी फेनिटॉइन असेल तर ती फीडबरोबर नीट शोषली जात नाही, म्हणून तिच्या आधी आणि नंतर तास-दोन तास फीड थांबवावं लागतं. वेळापत्रक डॉक्टरांकडूनच घ्या, नाहीतर गोळी चालू असतानाही फिट येऊ शकते. पूर्ण यादी घेऊन बसा आणि एकेका गोळीबद्दल ‘ही नळीतून चालेल का, नाही तर पर्याय काय’ विचारा. इसबगोल नळीतून कधीच नाही, ते आत फुगून दगड होतं. सिरप सोपी वाटतात, पण काहींतल्या सॉर्बिटॉल या गोडी आणणाऱ्या पदार्थाने जुलाब होतात. जुलाब झाले की सगळे फीडला दोष देतात. खरं कारण पुष्कळदा सिरप, अँटिबायोटिक किंवा नीट न धुतलेली सिरिंज असते.

चोंदलीच तर आधी नळी कुठे दुमडली आहे का, क्लॅम्प बंद तर नाही ना, ते बघा. मग मोठ्या सिरिंजने कोमट पाणी भरून हलकेच आत-बाहेर करा, वीस मिनिटं तसंच राहू द्या आणि पुन्हा करा. छोटी, २ किंवा ५ मिलीची सिरिंज वापरू नका; तिच्यात दाब फार वाढतो आणि नळी फाटते. तार, सुई, कोला, लिंबू यांतलं काही नको. कोल्याने दूध आणखी फाटून घट्ट होतं. दोन-तीन प्रयत्नांत सुटली नाही तर रुग्णालय.

बाहेरच्या चकतीवर थोडा जास्त वेळ देतो, कारण हा भाग घरी सगळ्यात जास्त दुर्लक्षित राहतो. पहिले काही दिवस डॉक्टर ती थोडी घट्ट ठेवतात. पुढे कातडी आणि चकती यांच्यात अर्धा ते एक सेंटीमीटर मोकळी जागा हवी. नळी हलते, बाजूने थोडं गळतं म्हणून घरचे चकती आवळतात. मग आतली आणि बाहेरची चकती मधल्या मांसाला चिमटीत धरतात, तिथला रक्तपुरवठा कमी होतो आणि आतली चकती हळूहळू जठराच्या भिंतीत रुतत जाते. वरून कातडी चढते. नळी मग आत सरकत नाही, फिरत नाही, फीड जोर लावल्याशिवाय जात नाही, दुखतं आणि गळणं वाढतं. पुढे तो गुंता सोडवायला पुन्हा दुर्बीण, कधी सर्जन लागतो. हे टाळायचा उपाय साधा आहे. आठवड्यानंतर, डॉक्टरांनी परवानगी दिली की, रोज नळी जागच्या जागी पूर्ण गोल फिरवायची. आठवड्यातून एकदा तरी बाहेरची चकती सैल करून नळी दोन-तीन सेंटीमीटर आत सरकवायची, परत हलकेच ओढून आतली चकती टेकल्याचं जाणवलं की थांबायचं आणि बाहेरची चकती पूर्वीच्या खुणेवर आणायची. नळीचं टोक जठराच्या पुढे लहान आतड्यात नेलेलं असेल तर मात्र ती कधीच फिरवायची नाही. तुमची कुठली आहे ते कागदावर बघून घ्या. आईचं वजन वाढू लागलं, आणि ते वाढायलाच हवं, की पोटाची भिंतही जाड होते आणि महिन्यापूर्वी बरोबर असलेली खूण आता घट्ट पडते. दर पंधरा दिवसांनी वजनाबरोबर ही मोकळी जागाही बघा. चकतीखाली जाड गॉज कोंबल्यानेही आतून तसाच ताण पडतो. ड्रेसिंग लागलंच तर पातळ, किंवा चकतीच्या वरून.

कातडीसाठी पहिला आठवडा-दहा दिवस रुग्णालयाने सांगितलेलं रोजचं ड्रेसिंग, पुढे साबण-पाण्याने धुऊन पूर्ण कोरडं करणं पुरे. हळद, टाल्कम पावडर, तेल यांची गरज नाही. ठाणे-नवी मुंबईच्या पावसाळ्यात हवाच ओली असते, चकतीखाली घाम साठतो आणि बुरशीचं लाल, बारीक पुटकुळ्यांचं पुरळ येतं. ते दिसलं तर डॉक्टरांना फोटो पाठवून मलम विचारा. भोकाच्या काठाला गुलाबी, ओलसर, सहज रक्त येणारं मांस वाढतं, ते घाबरण्यासारखं नसतं. डॉक्टर सिल्व्हर नायट्रेट लावून कमी करतात. लाली रोज पसरत चालली, पू, वास, ताप असेल तर तो जंतुसंसर्ग. गळती असेल तर कारण शोधायचं : बद्धकोष्ठ, फीडचा वेग, एका बाजूला ओढलेली नळी, फुग्यातलं कमी झालेलं पाणी. जास्त जाडीची नळी घालून गळती थांबत नाही, भोक मोठं होतं.

आता तुमचा मुख्य धाक, नळी उपसली जाण्याचा. आईचा डावा हात चालतो आणि तिने तीनदा नाकातली नळी काढली आहे, म्हणजे हा प्रसंग येणार असंच धरून चाला. पोटावर मऊ कापडी पट्टा बांधा, नळीचं टोक त्याच्या आत, दर वेळी वेगळ्या दिशेला वळवून ठेवा आणि दिवसातून दोनदा पट्टा सोडून खालची कातडी बघा. तरीही निघाली तर पहिला प्रश्न : बसवून किती दिवस झाले? जठर आणि पोटाची भिंत एकमेकींना चिकटून पक्का मार्ग तयार व्हायला साधारण चार आठवडे लागतात, मधुमेह आणि अशक्तपणात जास्तही. त्याआधी निघाली तर जठर भिंतीपासून सुटतं. अशा वेळी घरी, नर्सने किंवा शेजारच्या दवाखान्यात नळी परत आत घालायची नाही. ती पोकळीत गेली आणि वरून फीड सोडलं तर जिवावर बेततं. भोकावर स्वच्छ गॉज, तोंडाने-नळीने काही नाही, आणि थेट रुग्णालय. मार्ग पक्का झाल्यानंतर निघाली तर धोका कमी, पण घाई तितकीच, कारण भोक काही तासांतच आकसू लागतं. निघालेली नळी पिशवीत घालून सोबत न्या, जाडी कळते.

कुठे जायचं ते आजच ठरवा. ऐरोलीहून एका बाजूला कळवा-ठाणे, दुसऱ्या बाजूला वाशी. रात्री आणि रविवारी पेगची नळी कोण बदलतं, हा एकच प्रश्न विचारत तीन-चार फोन करा. वाशीचं महापालिका रुग्णालय आणि कळव्याचं छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालय इथेही विचारून ठेवा. उत्तर, नंबर आणि १०८ हे दारामागे लिहून लावा. खर्चाची अडचण असेल तर रुग्णालयातल्या वैद्यकीय समाजसेवकांना भेटा. कुठल्या योजनेत काय बसतं ते त्यांना ठाऊक असतं.

आतल्या चकतीची नळी नीट सांभाळली तर वर्ष-दोन वर्षं टिकते. फुग्याची तीन ते सहा महिने, आणि तिच्या फुग्यातलं पाणी दर आठवड्याला काढून मोजून, ठरलेलं माप परत भरावं लागतं. त्यात सलाइन नको, निर्जंतुक पाणी.

आई पुन्हा तोंडाने जेवेल का, याचं उत्तर गिळण्याची तपासणी केल्यावर मिळेल. स्पीच थेरपिस्टकडे नाकातून बारीक दुर्बीण घालून किंवा चालत्या एक्सरेवर ती करतात. पेगनंतर आठवड्याभरात थेरपिस्टची वेळ घ्या, आणि ते सांगतील तेवढंच, सांगतील तितकंच घट्ट, ताठ बसवून, जिभेवर द्या. प्रेमाने दिलेला साध्या पाण्याचा घोट सगळ्यात धोक्याचा असतो, कारण पातळ पदार्थ घशात सगळ्यात आधी निसटतो. हे बाबांना आणि बघायला येणाऱ्या प्रत्येक मावशी-आत्यांना सांगून ठेवा. तोंडाने पुरेसं जेवण जाऊ लागलं, काही आठवडे वजन टिकलं आणि औषधंही गिळता आली की नळी काढतात. भोक बहुधा एक-दोन दिवसांत आपोआप मिटतं, टाकेही लागत नाहीत.

डिस्चार्जच्या आदल्या दिवशी मावशींना रुग्णालयात बोलवा. सिस्टरसमोर एक पूर्ण फीड मावशींनी द्यावं, एक तुम्ही आणि एक बाबांनी. गोळ्या कुटण्यापासून झाकण लावण्यापर्यंत सगळं स्वतःच्या हाताने, सिस्टर नुसत्या बघत उभ्या. तिघांचं नीट झाल्याशिवाय घरी निघू नका.